फिलोक्टेटिसचा डावा पाय

अग्रिल्या, लिम्नोस
३ मे २००१

स्त्रातिस,

तुला पत्र लिहायचं नाही असं मी ठरवलं होतं, आणि सतरा वर्षं ते पाळलं. आज लिहिते आहे, कारण संत पान्तेलेइमोनच्या चर्चमधला संगमरवरी पाय कुठे आहे, असं पुरातत्त्व खात्याने मला लेखी विचारलं आहे. घरात उत्तर द्यायला माझ्याशिवाय कोणी उरलेलं नाही.

झालं ते असं. मार्चमध्ये चर्चखालचा रस्ता रुंद करताना यंत्राच्या दाताला एक पुतळा लागला. पुरुषाचा, खडकावर बसलेला, माणसाएवढा. डोकं शाबूत आहे, नाक नाही. उजव्या मुठीत काहीतरी धरल्याचं भोक आहे. डावा पाय घोट्यापासून तुटलेला. खात्याच्या दनाई रिगाकी नावाच्या बाई मिरिनाहून आल्या. त्यांनी तुटलेल्या जागेवरून हात फिरवला आणि जमलेल्यांना विचारलं, "याचा पाय कोणी पाहिलाय का?"

म्हातारा थ्रासोस लगेच म्हणाला, "पाहिलाय म्हणजे काय! आमच्या संतापाशी होता. त्साकिरींच्या पोरानं, हिच्या भावानं, पळवला जर्मनीला."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. एकोणचाळीस वर्षांपूर्वी बघत होते तसेच.

आजोबांच्या नांगराला तो पाय लागला तेव्हा आजीला वाटलं, जुन्या काळी कुणीतरी पाय बरा व्हावा म्हणून तो वाहिला असणार. तिने तो चर्चमध्ये नेऊन पत्र्याच्या हातापायांच्या रांगेत ठेवला. घोट्याभोवती कोरलेली पट्टी, पट्टीखाली फुगलेली जखम. नवसाचा पाय यापेक्षा वेगळा काय असणार? अख्ख्या गावाने तेच मानलं. मीही मानलं. मी थेस्सालोनिकीला चार वर्षं प्राचीन भाषा शिकले, मग बत्तीस वर्षं मुलांना ज्याची कथा शिकवली त्याचाच हा पाय आहे, हे मला एकदाही सुचलं नाही. याची मला लाज वाटते, आणि ती मी लपवत नाही.

तो फिलोक्टेटिस आहे. विसरला असशील तर सांगते. ट्रॉयच्या लढाईला निघालेल्या जहाजांवर तो होता. वाटेत पायाला साप चावला. जखम सडली, तिचा वास आणि याचं ओरडणं सोबत्यांना सहन होईना. त्यांनी त्याला आपल्या या बेटावर उतरवलं आणि निघून गेले. दहा वर्षं तो इथे एकटा राहिला. पुढे त्याच्या धनुष्याशिवाय ट्रॉय पडणार नाही असं कळलं, तेव्हा ते त्याला न्यायला आले.

पट्टी बांधलेला पाय जोडला तरच हे सिद्ध होतं. नाही तर सप्टेंबरात समिती पुतळ्याची नोंद "बसलेला अज्ञात पुरुष" अशी करील आणि तो अथेन्सच्या गोदामात जाईल. सिद्ध झालं तर तो बेटावर राहील. पाय स्वखुशीने परत केला तर कसलीही कारवाई होणार नाही, असं रिगाकीबाईंनी लिहून दिलं आहे. प्रत सोबत जोडली आहे.

पाय पाठवून दे. नीट बांधून पाठव.

पोलिक्सेनी


श्टुटगार्ट
१९ मे

मास्तरीणबाई,

तुझं अक्षर अजून तसंच आहे, छडीच्या भीतीने एका ओळीत उभं राहिल्यासारखं. पोस्टमन म्हणाला, "सरकारी दिसतंय." म्हटलं, "त्याहून वाईट."

पाय माझ्याकडे नाही. सत्तर साली जुन्या बाजारात दिला आणि बदल्यात सायकल घेतली. सायकल चोरीला गेली. तेव्हा तुझ्या त्या बाईंना सांग, जर्मनीतल्या सगळ्या सायकली तपासा.

बसलेल्या माणसाला पाय कशाला हवा, हेही मला कळलं नाही. मी आठ वर्षं बसून आहे, माझं काही अडत नाही. चौथ्या मजल्यावर राहतो. खिडकीसमोर कारखान्याची भिंत आहे. एकतीस वर्षं मी तिच्या पलीकडे होतो, आता अलीकडे आहे. रविवारी आपल्या लोकांच्या मंडळात पत्ते कुटायचो. आम्ही चौघं होतो. एक गावी परतला, दोघं इथल्याच मातीत गेले. आता मी एकट्याने खेळायचा डाव शिकलोय. त्यात हरलो तरी कोणी दात काढत नाही.

माझी बायको एरिका गेली, त्याला तीन वर्षं झाली. तुला कळवलं नाही. मला बायको होती हेही कुठे कळवलं होतं?

गावात कडक पाव अजून कोणी भाजतं का? बडीशेप घातलेले?

स्त्रातिस


अग्रिल्या
२ जून

स्त्रातिस,

तू खोटं बोलतो आहेस. लहानपणापासून तुझ्या प्रत्येक थापेत चाकाची एखादी वस्तू असते. बापाचं घड्याळ हरवलंस तेव्हा ते बैलगाडीखाली आलं होतं.

तुझ्या पत्नीबद्दल वाचून वाईट वाटलं. तिचं नाव मला आवडलं. याहून अधिक काय लिहायचं ते मला सुचत नाही, कारण मी तिला पाहिलेलं नाही.

पाव मरिगो भाजते. बडीशेप कमी घालते.

इथे रोज भांडण चालू आहे. रविवारी प्रार्थना संपल्यावर चौकात रिगाकीबाईंनी सगळ्यांना पुतळ्याची छायाचित्रं दाखवली. फादर लेफ्तेरिस म्हणाले, "पाय संताला वाहिलेला आहे. परत आला तर आधी चर्चमध्ये येईल."

"फादर, तो नवसाचा नाहीच. या पुतळ्याचा आहे."

मरिगो पुढे झाली. "असं? मग माझ्या आजीचा गुडघा काय पुतळ्यानं बरा केला?"

"तुझ्या आजीचा गुडघा कुठे बरा झाला?" थ्रासोस म्हणाला. "लंगडतच मेली ती."

"पण दुखायचा थांबला होता!"

"मेल्यावर सगळ्यांचाच थांबतो."

फादरसुद्धा हसले. मग थ्रासोस माझ्याकडे वळला. "काय बाई, भाऊ देतोय का पाय? का तिकडच्या संताला विकला?" मी घरी निघून आले.

पुतळा सध्या शाळेत ठेवला आहे, पहिलीच्या वर्गात. शाळा बंद आहे. शेवटची दोन मुलं गेल्या वर्षी मिरिनाला गेली. किल्ली माझ्याकडे असते. मी सकाळी कुलूप उघडते, खिडक्या नीट आहेत का बघते, आणि त्याच्यासमोरच्या बाकावर थोडा वेळ बसते. बाक लहान मुलांचे आहेत, गुडघे हनुवटीला लागतात. त्याचं तोंड किंचित उघडं आहे. रिगाकीबाई म्हणतात, वेदनेने. मला तसं वाटत नाही. हाका मारून मारून आत्ताच थांबलेल्या माणसाचं तोंड असं असतं.

काल मी त्याला हवा कशी आहे ते सांगितलं. वर्गात दुसरं कोणी नव्हतं.

पाय पाठव.

पोलिक्सेनी


श्टुटगार्ट
१७ जून

पोलिक्सेनी,

बरं, खरं सांगतो. पाय माझ्याकडे आहे. पलंगाखाली पेटीत, आईने विणलेल्या त्याच तपकिरी मोज्यात. वर्षातून एकदा, सत्तावीस जुलैला, संताच्या दिवशी काढतो, पुसतो, परत ठेवतो. एरिका म्हणायची, "तुझ्या तिसऱ्या पायाचा वाढदिवस."

पण तुला देणार नाही.

ती गोष्ट मला सांगायची गरज नव्हती. तू परीक्षेसाठी पाठ करायचीस आणि मी गोठ्यात बसून ऐकायचो. शेवटचा भाग तू तेव्हाही घाईत उरकायचीस आणि आताही तसाच उरकलास. "तेव्हा ते त्याला न्यायला आले." त्याला न्यायला कुठे आले, बाई? धनुष्य न्यायला आले. धनुष्याला हात चिकटलेला होता, आणि हाताला माणूस, म्हणून नाइलाज झाला.

तुझी दोन्ही पत्रं पुन्हा वाचून बघ. पाय, पाय, पाय. तू कसा आहेस, असं कुठे लिहिलंयस का? मी दोनदा शोधलं. म्हटलं, चष्म्याचा दोष असेल.

आणि सतरा वर्षांचा हिशेब तू काढलासच, तर तोही सांगतो. आई गेल्याची तार मला चौथ्या दिवशी मिळाली. तारेवरचा शिक्का तिसऱ्या दिवसाचा होता. माती झाल्यावर तू पोस्टात गेलीस.

राहू दे त्याला अज्ञात पुरुष. मीही इथे तोच आहे. जिन्यावरचे शेजारी "गुटेन मॉर्गेन" म्हणतात, नाव कोणाला ठाऊक नाही.

स्त्रातिस


अग्रिल्या
२ जुलै

स्त्रातिस,

तारेबद्दल तू लिहिलंस ते खरं आहे. मी मुद्दाम उशीर केला. चोराने आईच्या मातीला येऊ नये असं मला वाटलं होतं.

आता मोज्याबद्दल.

तू गेलास त्या वर्षी जूनमध्ये आई अंगणात बसून तपकिरी लोकरीचा मोजा विणत होती. लोकर मीच तिच्यासमोर दोन्ही हातांवर धरली होती, म्हणून मला स्वच्छ आठवतं. मोजा फार रुंद होता. मी म्हटलं, "हा कुणाचा? बैलाचा?" ती म्हणाली, "स्त्रातिसचा. तिकडे थंडी असते." एक झाला आणि तिने सुया ठेवून दिल्या. मी विचारलं, "दुसरा?" ती म्हणाली, "लोकर संपली."

लोकर संपली नव्हती. गुंडा मी नंतर फडताळात पाहिला होता. तरी मी पुढे काही विचार केला नाही.

तू पंचवीस जुलैला निघालास. पाय नाहीसा झालेला सत्तावीसला, सणाच्या दिवशी लक्षात आला. चोर चोरायच्या वस्तूचं माप देऊन महिनाभर आधी आईकडून मोजा विणून घेत नाही. हे समजायला मला एकोणचाळीस वर्षं आणि तुझं एक वाक्य लागलं.

पाय आईने घेतला. तुझा डावा घोटा गाडीखाली चिरडला तेव्हापासून ती त्या पायासमोर मेणबत्ती लावत होती. परक्या मुलखात तुला त्या पायाशिवाय पाठवायला तिचा जीव धजला नसणार. तुला हे ठाऊक होतं. मी विचारलं तेव्हा तू लिहिलंस, "घेतला."

आता माझं ऐक. रविवारी फादर प्रार्थनेत वाचतात तो घरच्या जिवंत आणि मृत माणसांच्या नावांचा कागद मी लिहायचे, कारण आईला लिहिता येत नव्हतं. त्या जुलैपासून जिवंतांच्या बाजूला मी तुझं नाव लिहिलं नाही. फादर भरभर वाचतात, कोणाच्या लक्षात येणार नाही असं मला वाटलं. एकदा घरी येताना आई म्हणाली, "पोलिक्सेनी, फादरनी आज आपल्या स्त्रातिसला गाळलं की काय?"

मी म्हटलं, "तुला ऐकू कमी येतं."

तिने पुन्हा कधी विचारलं नाही. पण त्यानंतर ती चर्चमध्ये पुढे उभी राहायला लागली, अगदी वेदीच्या दाराशी, मान तिरपी करून. बावीस वर्षं. मला वाटायचं, वयाने भक्ती वाढली.

तिने मला खरं का सांगितलं नाही, याचा मी आठवडाभर विचार करते आहे. संताची तिला भीती नव्हती. संताशी तिचं काहीतरी ठरलेलं असणार. ती मला घाबरत होती. हे वाक्य लिहायला मला दोन दिवस लागले.

पाय तुझ्याकडे राहू दे. तो तुलाच दिलेला आहे. रिगाकीबाईंना मी काय सांगायचं ते सांगेन.

तू ये. मागची खोली कोरडी आहे.

तू कसा आहेस?

पोलिक्सेनी


अग्रिल्या
६ ऑगस्ट

स्त्रातिस,

पाच आठवडे झाले. उत्तर नाही. याहून जास्त काळ मी तुला वाट पाहायला लावली आहे, म्हणून तक्रार करत नाही.

सत्तावीस तारखेला सण झाला. प्रार्थनेनंतर मी सगळ्यांसमोर उभी राहिले आणि सांगितलं की पाय माझ्या भावाने चोरला नव्हता, आमच्या आईने त्याला दिला होता, आणि इतकी वर्षं मी गावाला चुकीचं सांगत आले. मग मरिगो म्हणाली, "मीही दिला असता. पोर जात असल्यावर काय संताचं तोंड बघत बसायचं?" फादरनी तिला दटावलं, पण जोरात नाही. थ्रासोसने टोपी काढली आणि परत घातली.

रिगाकीबाईंना मी कळवलं की पाय येणार नाही. त्या रागावल्या नाहीत. "मग समितीपुढे माझ्याकडे फक्त तुमची साक्ष आहे," म्हणाल्या. समिती तीन सप्टेंबरला सकाळी मिरिनाहून इथे शाळेत येते. पुतळ्याच्या मापाची लाकडी पेटी येऊन पडली आहे, शाळेच्या दाराशी ठेवली आहे.

मेल्तेमीचा वारा सुरू झाला. चार दिवस बोट नाही, त्यामुळे हे पत्र उशिरा निघेल. सकाळी शाळेत जाते. त्याच्याशी बोलणं बंद केलं आहे. उत्तर न देणाऱ्याशी बोलायची सवय वाईट.

तू आजारी आहेस का, एवढंच एका ओळीत कळव.

पोलिक्सेनी


श्टुटगार्ट
१८ ऑगस्ट

पोलिक्सेनी,

एका ओळीत: होतो, आता नाही.

दवाखान्यात होतो, साडेपाच आठवडे. तोच डावा घोटा. कापतील असं वाटत होतं, कापला नाही. पण आता तो वळत नाही, दाराच्या खिळीसारखा ताठ झालाय. तुझी दोन्ही पत्रं खालच्या पत्रपेटीत पडून होती. जिन्यातल्या शेजारणीने वर आणून दिली आणि वाचेपर्यंत उभी राहिली. मग म्हणाली, "वाईट बातमी?" मी म्हटलं, "बहिणीचं पत्र आहे." ती म्हणाली, "तुम्हाला बहीण आहे?" मी म्हटलं, "आजपासून."

आता तूही ऐक. मी पाय मागितला नव्हता. निघताना आईने पेटी स्वतः बांधली. धक्क्यावर तीनदा बजावलं, "पेटी उलटी करू नकोस." मला वाटलं, मधाची बरणी असेल. म्युनिकपर्यंत मी ती मांडीवर घेऊन बसलो, पाय बधिर झाले. इथल्या वसतिगृहात एका खोलीत आम्ही सहा जण होतो. सगळ्यांसमोर उघडली. अंजिरं, पाव, आणि खाली मोज्यात हा. पोरं पोट धरून हसली. "जर्मनांनी एक पाय नापास केला तर दुसरा असावा म्हणून आणलास काय रे?" मीही हसलो. मग बाहेर जाऊन नळाखाली तोंड धुतलं.

परत पाठवला असता तर पार्सल गावच्या पोस्टात उघडलं असतं आणि आईची चोरी सगळ्यांना कळली असती. तेवढ्यात तुझं पत्र आलं: "घेतलास की नाही, एका शब्दात उत्तर दे." एका शब्दात खरं मावत नव्हतं. जेवढं मावलं तेवढं लिहिलं.

ती पुढे जाऊन उभी राहायची, हे मला माहीत नव्हतं.

सणाच्या दिवशी तू उभी राहून बोललीस, हे मात्र मी चारदा वाचलं. तू आणि "चुकीचं" हे शब्द एका वाक्यात! शेजारणीला भाषांतर करून सांगितलं, तिला काही विशेष वाटलं नाही. तिने तुला पाहिलेलं नाही.

मी येतोय. विमानात हा पाय दुमडणार नाही, म्हणून आगगाडीने काव्हालापर्यंत आणि पुढे बोटीने. दोन सप्टेंबर, दुपारची बोट, तुझा वारा येऊ देईल तर. परतीचं तिकीट दहा तारखेचं काढलंय. आठ दिवस एका घरात, त्यानंतर आपण दोघंही एकमेकांचं डोकं फोडू.

पाय आणतोय. तू नको म्हणालीस म्हणूनच आणतोय. आईने तो मला दिला तो मी चालावं म्हणून. मी चाललो, एकतीस वर्षं कारखान्यात उभा राहिलो. तिचं काम झालं. आता ज्याचा आहे त्याला मिळू दे.

धक्क्यावर ये. ओळखायला सोपं आहे. बाकीचे दोन पाय घेऊन उतरतील, मी तीन.

स्त्रातिस


पुरातत्त्व कार्यालय, मिरिना, लिम्नोस
ताबा पावती
दिनांक: ३ सप्टेंबर २००१, सकाळी ९.४०

वस्तू: मानवी डावा पाय, संगमरवरी, पुरुषाचा. घोट्याभोवती कोरलेली पट्टी, पट्टीखाली जखमेची सूज.

अवस्था: करंगळीचं टोक तुटलेलं, तूट जुनी. टाचेवर मेणाचे जुने डाग. बाकी उत्तम, स्वच्छ ठेवलेला.

पडताळणी: शाळेत ठेवलेल्या पुतळ्याच्या तुटलेल्या जागेशी समितीसमोर जुळवून पाहिला. तंतोतंत जुळतो. पुतळ्याची नोंद "फिलोक्टेटिस" अशी करण्यात येत आहे. पुतळा बेटावर राहील. लाकडी पेटी परत पाठवावी.

वस्तू देणाऱ्याकडे कशी आली: आईने दिली, जुलै १९६२.

देणाऱ्याची अट: नाही. समितीच्या अध्यक्षांनी आभार मानले असता देणाऱ्याने बसायला खुर्ची मागितली. ती देण्यात आली.

साक्षीदार: पोलिक्सेनी त्साकिरी, निवृत्त शिक्षिका, अग्रिल्या. नातं: बहीण.

घेणार: दनाई रिगाकी.

देणार: स्त्रातिस त्साकिरिस.

देणाऱ्याचा कायमचा पत्ता: ~~श्टुटगार्ट, जर्मनी~~ अग्रिल्या, लिम्नोस.

(पत्त्याच्या रकान्यातील खोडाखोड देणाऱ्याने स्वतः, सही करण्यापूर्वी केली आहे. मान्य. द. रि.)